आवाजाला छत हवं

एका रात्री मी रेकॉर्डिंग सॉफ्टवेअरमध्ये सिंथच्या, म्हणजे इलेक्ट्रॉनिक वाद्याच्या, एका सुरावर ३० डेसिबलचा गेन चढवला, म्हणजे तो तेवढा मोठा केला. स्पीकर आधीच बंद केले होते. मीटरची पट्टी लाल होऊन वरच्या टोकाला चिकटून बसली. मग त्याच ट्रॅकवर दुसरं प्लगइन (आवाजावर काम करणारा जोडप्रोग्रॅम) लावून तेवढेच ३० डेसिबल उतरवले आणि स्पीकर चालू केले. सूर होता तसाच. खात्री करायला मूळ ट्रॅकची प्रत फेज उलटी करून, म्हणजे तिची लाट उलथी करून, शेजारी ठेवली आणि दोन्ही एकत्र वाजवले; दोन्ही सारखे असतील तरच ते एकमेकांना पुसून टाकतात. ऐकू येण्यासारखं काही उरलंच नाही. इतका मार खाऊनही त्या सुरावर ओरखडासुद्धा उठला नव्हता.

कारण साधं आहे. आजची बहुतेक रेकॉर्डिंग सॉफ्टवेअर आतला हिशोब ३२ बिट फ्लोटिंग पॉइंटमध्ये, म्हणजे दशांशचिन्ह सरकवता येणाऱ्या आकड्यांत, किंवा त्याहून मोठ्या आकड्यांत करतात. २४ बिटच्या फाइलमध्ये सगळ्यात बारीक आणि सगळ्यात मोठ्या आवाजात सुमारे १४४ डेसिबलचं अंतर मावतं. ३२ बिट फ्लोटमध्ये दीड हजाराहून जास्त. आवाज शून्याच्या रेषेवर, म्हणजे मीटरच्या वरच्या टोकापलीकडे, कितीही चढू दे, आत त्याला कोणी अडवत नाही. अडवणूक होते ती दारात, म्हणजे स्पीकरकडे जाताना आकड्यांची वीज करणाऱ्या कन्व्हर्टरपाशी किंवा १६-२४ बिटची फाइल काढताना. आतमध्ये छतच नाही. ही सोय मी कितीतरी दिवस बिनघोर वापरत आले होते. त्या रात्री मात्र ती मला उणीव वाटली.

बाहेरच्या जगात कुठलाच आवाज इतका निर्विकार नसतो. तार जोरात छेडली की पडद्यावर आपटते. ड्रमच्या ताणलेल्या कातड्यावर जोराचा फटका बसला की सूर क्षणभर चढतो आणि मग खाली येतो. आणि गळा? रेडिओ अगदी बारीक करून पाहा. ओरडणारा माणूस तरीही ओरडतानाच ऐकू येतो. कुजबुजणाऱ्याला कितीही मोठं केलं तरी तो कुजबुजतच राहतो. म्हणजे जोर हा आवाजाच्या लहानमोठेपणात नसतो, तो पोतात असतो. आवाज स्वतःच्या मर्यादेला टेकला की त्याचा पोत बदलतो, आणि हा बदल ओळखायला आपल्या कानाला कोणी शिकवावं लागत नाही.

डिस्टॉर्शनची, म्हणजे आवाज मुद्दाम बिघडवणारी, प्लगइन मला तेव्हापासून वेगळी दिसायला लागली. बिनछताच्या घरात ती छत घालून देतात. ते किती उंचीवर घालायचं, कशाचं घालायचं, टणक की लवचिक, एवढं आपण ठरवायचं.

मराठीत याला नेमका शब्द आहे: आवाज फाटला. रेकॉर्डिंग शिकताना पहिला धडा मिळतो तो न फाटू देण्याचाच. लाल दिवा लागता कामा नये. आधीच्या पिढ्यांतले इंजिनिअरही याच शिस्तीत वाढले होते, आणि तरीही १९६० साली अमेरिकेतल्या नॅशव्हिलमध्ये गायक मार्टी रॉबिन्सच्या एका गाण्याचं रेकॉर्डिंग चालू असताना मिक्सिंग कन्सोलचा एक चॅनल बिघडला आणि ग्रेडी मार्टिनने वाजवलेला बेस गिटारचा तुकडा भुंग्यासारखा गुरगुरत टेपवर उतरला. तो पुसला गेला नाही. गाणं पुढच्या वर्षी गाजलं. इंजिनिअर ग्लेन स्नॉडी यांनी तोच बिघाड मुद्दाम घडवून आणणारं सर्किट तयार केलं आणि १९६२ मध्ये गिब्सन कंपनीने ते माएस्ट्रो फझ-टोन या नावाने एका छोट्या पेटीत घालून विकायला काढलं. दोनच वर्षांनी किंक्स या बँडच्या डेव्ह डेव्हिस यांनी आपल्या छोट्या ॲम्प्लिफायरच्या स्पीकरचा पडदा चक्क ब्लेडने कापला. ज्यांच्याकडे चांगला, स्वच्छ आवाज होता तीच माणसं तो फाडायला निघाली होती. हे बंडखोरीचं लक्षण होतं असं लिहिण्याची पद्धत आहे. मला त्यात बंडखोरीपेक्षा भूक जास्त दिसते. यंत्रातून येणारा आवाज गळ्यातून आल्यासारखा वाटावा, ही भूक.

आणि तंबोऱ्याची जवारी? घोडीचा माथा किंचित गोलाई देऊन घासलेला, तार आणि घोडी यांच्यामध्ये सुताचा एक धागा. तार कंप पावताना दर वेळी त्या गोलाईला घासून जाते. ही घासणी, ही अडवणूकच वरचे स्वर उजळवते. सी. व्ही. रामन यांनी १९२१ मध्ये या गोष्टीबद्दल लिहिलं होतं. जवारी उघडी आहे की बंद, हे ज्याच्या कानाला कळतं त्याला सॅच्युरेशनच्या, म्हणजे हलक्या डिस्टॉर्शनच्या, नॉबची अर्धी ओळख आधीच झालेली असते.

आतमध्ये नेमकं काय घडतं तेही पाहू. १०० हर्ट्झचा एक शुद्ध साइन सूर घ्या. त्याची लाट गुळगुळीत, गोल डोंगरासारखी. तिला छत लागलं की शेंडा कापला जातो, आणि कापलेल्या शेंड्याच्या कडेतून नवे सूर निघतात. वरची आणि खालची बाजू सारखीच कापली तर फक्त विषम पट येतात: ३००, ५००, ७००. एकच बाजू जास्त कापली तर २००, ४०० हेही येतात. १०० ला सा धरला तर २०० हा वरचा सा, ३०० म्हणजे त्यावरचा पंचम, ५०० म्हणजे आणखी वरचा गंधार. म्हणून हलकं डिस्टॉर्शन कानाला परकं वाटत नाही. ते त्याच सुराच्या घरातली माणसं बाहेर बोलावतं. ७०० हर्ट्झवरचा सातवा मात्र पियानोच्या कुठल्याच पट्टीवर नेमका बसत नाही. ड्राइव्ह, म्हणजे आवाज छतावर किती रेटायचा ते, वाढवत गेलं की अशी न बसणारी मंडळी वाढत जातात आणि कान आक्रसायला लागतो.

प्लगइन निवडताना मी आता आधी शब्द निवडते. मराठीत आवाजाच्या दुखण्याखुपण्यांसाठी इतके नेमके शब्द आहेत की नॉबवर लिहिलेल्या नावांपेक्षा तेच जास्त कामाला येतात. ‘दाटून आलेला’ आवाज हवा असेल तर टेपसारखं सॅच्युरेशन. तिथे छत मऊ असतं, लाट त्याला टेकण्याआधीच वाकायला लागते आणि मुख्यतः तिसरा हार्मोनिक, म्हणजे मूळ सुराच्या तिप्पट असलेला सूर, हळूहळू वर येतो. ‘घोगरा’ हवा असेल तर एका बाजूने जास्त दबणारं, जुन्या ॲम्प्लिफायरमधल्या काचेच्या ट्यूबच्या अंगाने जाणारं काहीतरी. ‘चिरका’ म्हणजे टणक क्लिपिंग (लाटेचा शेंडा सपाट छाटणं), तेही वरच्या फ्रिक्वेन्सी आधी फुगवून. आणि ‘खरखरीत’ हवा असेल तर बिट कमी करणारी प्लगइन, ज्यांना बिटक्रशर म्हणतात. त्यांच्यापाशी जरा थांबायला हवं, कारण तिथे घराची रचनाच उलटी आहे. १६ बिटमध्ये आवाजाच्या उंचीसाठी ६५,५३६ पायऱ्या असतात, ८ बिटमध्ये फक्त २५६. मोठा आवाज या मोजक्या पायऱ्यांवरही बरा निभावतो. बारीक आवाजाच्या वाट्याला मात्र दोन-चारच पायऱ्या येतात आणि तो त्यांच्यावर अडखळत, ठेचकाळत विझतो. क्लिपिंगमध्ये आवाज चढताना फाटतो, इथे मावळताना. एक छत आहे, दुसरी फरशी. विरत जाणाऱ्या रिव्हर्बच्या (घुमाऱ्याच्या) शेपटीवर बिटक्रशर लावून ऐका. शांततेच्या अलीकडे सूर वाळूसारखा भुरभुरतो. दुःखाच्या गाण्यात मी ही फरशी छतापेक्षा जास्त वेळा वापरली आहे.

तरी निवडीपेक्षा मोठा प्रश्न असतो तो आत काय पाठवतो याचा. इक्वलायझर, म्हणजे खालचे-वरचे सूर वेगवेगळे कमीजास्त करणारं प्लगइन, डिस्टॉर्शनच्या आधी लावला तर काय फाटेल ते ठरतं, नंतर लावला तर फाटलेल्यातलं काय ऐकू येईल ते ठरतं. हा क्रम बदलला की आवाज बदलतो. ट्यूब स्क्रीमर या गिटारच्या हिरव्या पेडलच्या क्लिपिंगच्या टप्प्यात साधारण ७२० हर्ट्झच्या खालचा भाग जाणूनबुजून कमी उचलला जातो. खालचे सूर आकाराने मोठे. ते छताला आधी टेकतात आणि टेकताना वरच्या नाजूक भागालाही सोबत चिरडतात. त्यांना थोडं मागे ठेवलं की गिटार भरडी न होता धारदार होते. ही युक्ती कळेपर्यंत मी डिस्टॉर्शन लावल्यानंतर तासन्‌तास गढूळपणा काढत बसायचे. पाणी नळापाशी गाळायचं सोडून पेल्यात गाळत होते.

दोन सूर एकत्र आत गेले तर आणखी एक गोष्ट होते. ते छताशी एकमेकांवर आदळतात आणि त्यांच्या बेरजेचे, वजाबाकीचे सूर जन्माला येतात. २०० आणि ३०० हर्ट्झ, म्हणजे सा आणि पंचम, एकत्र फाटले तर १०० आणि ५०० येतात. १०० हा खालचा सा, ५०० हा गंधार, दोन्ही घरचेच. इलेक्ट्रिक गिटारवर नुसत्या सा-पचा कॉर्ड इतका भक्कम वाजतो तो यामुळे. पण पंचमाच्या जागी पियानोचा गंधार घ्या, साधारण २५२ हर्ट्झ. फरक येतो ५२, आणि खाली बेस ५० वर सा धरून बसलेला. मग ते दोघं घोळ घालतात. ज्या मिक्समध्ये कॉर्ड भरगच्च आहेत तिथे मी हल्ली प्रत्येक सुराचा ट्रॅक वेगळा ठेवून वेगवेगळा फाडते, प्रत्येकाला आपापलं छत. आणि जिथे वाद्यं एकमेकांत मळली जावीत असं वाटतं, तिथे सगळी एका ग्रुपमध्ये घालून एकाच छताखाली उभी करते. हा निर्णय कुठल्याही प्लगइनच्या नावापेक्षा महत्त्वाचा आहे असं माझं पक्कं मत आहे.

बेसच्या बाबतीत डिस्टॉर्शनने मला जे दिलं ते तर मी विसरणार नाही. माझ्या एका गाण्याचा बेस ५० हर्ट्झच्या आसपास फिरत होता. मोठ्या स्पीकरवर भिंतीतून आल्यासारखा भरून यायचा. फोनवर लावलं तर गाण्याला पायच नाहीत. फोनचा चिमुकला स्पीकर तिथपर्यंत पोचतच नाही, म्हणून फेडर (आवाज लहानमोठा करणारी सरकपट्टी) वर ढकलून उपयोग नव्हता. मग बेसची एक प्रत केली, तिच्यातला खालचा भाग कापला, उरलेला चांगला फाडला आणि स्वच्छ बेसच्या पाठीमागे हळूच सरकवला. आता १००, १५०, २००, २५० हे सूर फोनवर ऐकू यायला लागले. त्यांच्यातलं ५० चं सारखं अंतर मेंदू ओळखतो आणि नसलेला ५० आपला आपण भरून काढतो. फोन कानाशी धरून मी तो सूर ऐकला, जो त्या फोनमधून बाहेर पडतच नव्हता.

फसवणूकही इथे आहे, आणि ती दोन प्रकारची. पहिली सगळ्यांना माहीत आहे: ड्राइव्ह फिरवलं की आवाज मोठा होतो, मोठा आवाज चांगला वाटतो, आणि आपण समजतो की प्लगइन चांगलं आहे. प्लगइन चालू-बंद करताना दोन्ही वेळा आवाज सारखाच मोठा राहील एवढं पाहिलं की ही भूल उतरते. दुसरी मला एका चढत्या सुरावटीने शिकवली. सिंथवर घंटेसारखा एक आवाज बनवला होता. त्याला टणक क्लिपिंग लावलं, आणि सुरावट जशी वर चढायला लागली तसं मागे काहीतरी खाली उतरताना ऐकू आलं. एक शिट्टी, कुठल्याच स्वरात न बसणारी. मी तारा तपासल्या, हेडफोन बदलले, ट्रॅक एकेक करून बंद केले.

ते एलिअसिंग होतं. आवाजाचे सेकंदाला ४४,१०० नमुने घेणाऱ्या प्रोजेक्टमध्ये २२,०५० हर्ट्झच्या वरचा सूर मावत नाही. पण क्लिपिंग काही विचारून हार्मोनिक बनवत नाही. ४,००० हर्ट्झच्या सुराचा नववा हार्मोनिक ३६,००० वर जायला हवा. त्याला जागा नसते, म्हणून तो दुमडून ४४,१०० वजा ३६,०००, म्हणजे ८,१०० वर येऊन बसतो. सूर ४,१०० वर चढला की तोच नववा ७,२०० वर उतरतो. चढणाऱ्याची सावली उतरत जाते. हार्मोनिक असूनही त्याचं मूळ सुराशी काही नातं उरत नाही. त्यावर उपाय म्हणजे ओव्हरसॅम्पलिंग. प्लगइन आतल्या आत चौपट वेगाने, सेकंदाला १,७६,४०० नमुन्यांवर काम करतं, तिथे ३६,००० ला ऐसपैस जागा मिळते, आणि मूळ वेगावर परत येण्याआधी हे वरचे सूर गाळून टाकले जातात. प्रोसेसरवर भार पडतो, थोडा उशीरही लागतो. मी ते कोपऱ्यातलं ‘४x’ चं बटण किती महिने पाहत होते, दाबलं कधी नव्हतं. ते दाबलं आणि शिट्टी गेली. एखाद्या गाण्याला धातूसारखा, मोडक्या खेळण्यासारखा आवाज हवा असेल तर मी ते अजूनही बंद ठेवते, पण तेव्हा शिट्टी मला हवी असते.

एक काळ असाही गेला की मी प्रत्येक ट्रॅकवर थोडं-थोडं सॅच्युरेशन घालायचे. ड्रमवर थोडं, बेसवर थोडं, मागे रेंगाळणाऱ्या सिंथच्या पॅडवर, गायिकेच्या आवाजावर, शेवटी सगळ्यांच्या बेरजेवरही. रात्री सगळं भरलेलं, तेजस्वी वाटायचं. सकाळी तेच गाणं दुसऱ्या कडव्यापर्यंत ऐकवेना. शेंडे कापले गेले होते, बारीक आवाज वर आले होते, श्वास आणि खोलीचा घुमाराही गायिकेइतकाच पुढे येऊन बसला होता. सगळेच छताला टेकलेले असले की कोण जोर लावतंय आणि कोण निवांत आहे हे कळायला जागा राहत नाही. आता माझ्या एका मिक्समध्ये फाटणारे ट्रॅक दोन किंवा तीन असतात. बाकीच्यांना मी मोकळं आकाश देते.

हे सगळं मला माहीत होतं, तरी आमच्या गाण्यात मी चुकले. माझी मैत्रीण गाते. शब्द तिचे, चाल माझी. तिने शेवटचं कडवं खालच्या पट्टीत, जवळजवळ बोलल्यासारखं गायलं होतं. मिक्स करताना मला ते कडवं अपुरं वाटलं. साउंडटॉइज कंपनीच्या डिकॅपिटेटर या डिस्टॉर्शन प्लगइनवर ‘पनिश’ नावाचं एक बटण आहे, ते दाबलं की ड्राइव्ह एकदम अंगावर येतं. मी ते दाबलं, आवाज फाटला, गाणं उसळलं. खूश होऊन तिला ऐकवलं.

ती ऐकत राहिली. कडवं संपल्यावर म्हणाली, “मी इतकी ओरडले नव्हते गं.”

“ओरडणं नाही, त्यात जोर आलाय.”

“पण तो मी लावलेला नाही ना. गाण्यातली ती त्याला हे शेवटचं सांगतेय, आणि तू तिला भांडायला लावलंस.” मग तिने स्क्रीनकडे बोट केलं. “आणि शिक्षा कोणाला ते?”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. रेडिओची ती गोष्ट मला ठाऊक होती, की जोर पोतात असतो. पण त्याचा दुसरा अर्थ मी कधी नीट धरला नव्हता: पोत बदलला की माणसाने न लावलेला जोर त्याच्या तोंडी घालता येतो. गिटारचं एक वेळ ठीक आहे. गळा कोणाचा तरी असतो. तेव्हापासून कोणाच्याही आवाजावर डिस्टॉर्शन लावायचं तर ते मी त्या माणसाला शेजारी बसवून लावते.

त्या दिवशी आम्ही ते कडवं पुन्हा रेकॉर्ड करायचं ठरवलं. या वेळी प्लगइन तिच्या हेडफोनमध्येच लावलं. रेकॉर्ड मात्र स्वच्छ आवाजच होत होता. ‘पनिश’ बंद. ड्राइव्ह इतकंच, की ती बोलल्यासारखी गायली तर काही होऊ नये आणि जराशी पुढे आली तर आवाज दाटून यावा.

पहिल्या टेकला ती बिचकली. स्वतःचा आवाज कुठे कुठे खरवडला जातोय हे ऐकून ओळी अर्धवट सोडत होती. दुसऱ्या टेकला ती शोधायला लागली. मुद्दाम पुढे जायची, टेकायची, मागे यायची. डोळे मिटलेले, एक हात हेडफोनवर. तिसऱ्याला तिला छत सापडलं. सगळं कडवं ती त्याच्या बोटभर खालून गायली, आधीपेक्षाही हळू. फक्त शेवटच्या ओळीतल्या ‘जा’ या शब्दावर ती माइककडे किंचित झुकली. आवाज तिथे एकदाच तडकला आणि लगेच मिटला.

तोच टेक ठेवला. शेवटी मी गाणं बाहेर काढलं. एकदा उत्सुकतेपोटी प्लगइन बंद करून तिचा नुसता ट्रॅक ऐकला. स्वच्छ, सुरेल, पण ‘जा’पाशी ती पुढे झुकते आणि तिथे टेकायला काहीच नसतं.